परीराणीचं वजन

१९६२ सालचा नोव्हेंबर, तारीख चोवीस, शनिवार. यॉर्कशायरात धुकं इतकं की नाटकगृहासमोरचा पब दिसेना. (दिसला असता तर मी तिथेच असतो.)

मी हॅरल्ड ऑकरॉइड. शाळा चार वर्षं, नाटकगृहात दोर ओढणं चाळीस वर्षं. बायको विनिफ्रेड गावातल्या हौशी मंडळात गाते. १९३१ साली तिचं गाणं अर्ध्यात असताना मी पडदा पाडला. पब बंद व्हायची वेळ झाली होती. तेव्हापासून ती रोज चहाबरोबर ऐकवते, "हॅरल्ड, माझं एक गाणं देणं लागतोस तू!"

त्या शनिवारी व्हिक्टोरिया राणीच्या काळातला, पऱ्यांचा संगीत खेळ टेलिव्हिजनवर थेट दिसणार होता. परीराणी विनिफ्रेड. कमरेच्या पट्ट्यानं दोराला बांधलेली ती चंद्रावरून उतरणार आणि गाणार.

टेलिव्हिजनवाला पिम वही घेऊन आला. "बाईंचं वजन?"

विनिफ्रेडनं माझ्याकडे पाहिलं.

"सात स्टोन," मी म्हणालो. (लग्नातलं. आता सोळा, म्हणजे शंभर किलोच्या वर.)

पिमनं तिच्याकडे पाहिलं. "नक्की?"

"मी काय खोटं बोलतो?"

त्यानं कप्पीवरून आलेल्या दोराच्या माझ्याकडच्या टोकाला सात स्टोन वाळूच्या पिशव्या बांधल्या. उरलेलं माझा हात पेलेल, असं मी धरून चाललो. मी स्वतः आठ स्टोन.

वाद्यं वाजली. परीराणीनं फळीवरून पाऊल उचललं. ती खाली निघाली, मी दोराला लटकून वर. वाटेत गाठ पडली.

"कुठे निघालास?"

"वर!"

ती धप्पकन टेकली. मी चंद्रासमोर, सगळ्या इंग्लंडदेखत.

"विनी, पट्टा सोडू नकोस! पडेन मी!"

"मग गप लटक, म्हाताऱ्या. आज गाणं तुटायचं नाही."

ती गायली. खरं सांगतो, सुरेख गायली. शेवटच्या ओळीला माझ्या विजारीचे खांद्यावरचे पट्टे तुटले. विजार बुटांवर जाऊन अडकली.

नाटकगृह हसून हसून कोसळलं. "पुन्हा! पुन्हा!"

आमच्याकडे लोकांनी मागितलं की पुन्हा म्हणावंच लागतं. तिनं तीनदा म्हटलं. मान वर करून एकदाही पाहिलं नाही. मला गारठा झोंबत होता, पण मी तोंड उघडलं नाही.

पडदा पडला. पिमनं मला उतरवलं. ती वळेपर्यंत मी विजार वर ओढून घेतली होती.

विनिफ्रेडचे डोळे भरले होते. "तीन वेळा, हॅरल्ड! ऐकलंस ना, लोक कसे ओरडत होते माझ्यासाठी?"

"ऐकलं," मी म्हणालो.

"जा. फिटलं तुझं देणं."