पहिल्या रांगेचा भाव

मंगळवारी सकाळी फ्रेमिओने रविवारच्या बेसबॉल मॅचच्या पहिल्या रांगेच्या तिकिटाचा भाव बघितला. चारशे पेसो. मुकाट्याने दोन तिकिटं घेऊन मोकळं व्हायचं की नाही? छे! "उद्या उतरेल," म्हणाला आणि तिथेच त्याने माती खाल्ली.

फ्रेमिओ म्हणजे बावीस वर्षं आमच्या स्टेडियमच्या तिकीट खिडकीत बसलेला माणूस. पूर्वी भाव तोच सांगायचा आणि ओळखीच्यांना पासही तोच सरकवायचा. यंदा क्लबच्या मालकाचा भाचा मायामीहून शिकून आला आणि त्याने नवं सॉफ्टवेअर बसवलं. तिकिटाचं पान जितके लोक उघडून बघतील तितका भाव चढणार. कोणी फिरकलं नाही की उतरणार. पास बंद. नोकरांनीसुद्धा तिकीट त्यातूनच घ्यायचं.

आणि रविवारी सासूबाईंचा सत्तरावा वाढदिवस! दोन्या एर्सिलियांना, म्हणजे आमच्या एर्सिलियाबाईंना, दोन जावई. थोरला रादामेस न्यूयॉर्कला, दर डिसेंबरात साबण, चपला आणि चॉकलेटं भरलेलं पिंप पाठवणारा. त्याचं नाव घेताना बाईंचा ऊर भरून यायचा. धाकटा फ्रेमिओ म्हणजे नुसता 'तो खिडकीतला'. बारा वर्षांत बाईंनी त्याला नावाने हाक मारली नव्हती. बेसबॉलचं मात्र त्यांना भयंकर वेड. मैदानाला खेटून बसवलं तर निदान एकदा तरी आपलं कौतुक होईल, एवढीच बिचाऱ्याची आशा होती.

बुधवारी भाव साडेसहाशे झाला.

"तूच दर पाच मिनिटांनी बघतोयस म्हणून चढतोय," बायको योकास्ता म्हणाली. "त्या मशीनला वाटतंय, अख्खं गाव टपून बसलंय."

"मग तू बघ ना तुझ्या फोनवरून. तुला कुठे ओळखतंय ते?"

योकास्ताने बघितलं. मग मैत्रिणीला बघायला सांगितलं. मैत्रिणीने नवऱ्याला सांगितलं, आणि नवरा नेमका मोनचोच्या किराणा दुकानासमोर डॉमिनो खेळत बसलेला. मोनचोच्या दुकानात गोष्ट गेली की ती गावाची झाली. संध्याकाळी भाव अठराशे.

"रविवारी आहे तरी काय एवढं?" डॉमिनोची सोंगटी आपटत मोनचो म्हणाला. "आपली टीम शेवटून पहिली, समोरची शेवटून दुसरी. अठराशे कशाचे मागतात हे?"

"काहीतरी असणार बाबा. उगाच कोण एवढा भाव लावतंय?"

"बघ रे, आता किती झाला?"

टेबलावरच्या चौघांनी, भोवती उभ्या असलेल्या आठांनी आणि रस्ता ओलांडून आलेल्या न्हाव्याने फोन काढले. मजा म्हणजे तिकीट एकालाही घ्यायचं नव्हतं.

शुक्रवारी गावच्या रेडिओवर बातमी लागली: कोणीतरी बडा खेळाडू अमेरिकेतून गुपचूप येतोय, त्याशिवाय का भाव भडकलाय? मग काय विचारता! भाव नऊ हजार. मालकाने भाच्याला मिठी मारली. फ्रेमिओने तळलेलं केळं बाजूला सारून हिशेब मांडला. दोन तिकिटं म्हणजे जवळजवळ महिन्याचा पगार.

शनिवारी दुपारी बारा वाजता लाइट गेली. त्यात आमच्याकडे कोणाला काही वाटत नाही, पण या खेपेला फोनचा टॉवरही बसला. अख्ख्या गावात कोणालाच काही बघता येईना. चालू होता तो फक्त स्टेडियमचा डिझेल जनरेटर, त्यावर चालणारं तिकिटांचं मशीन, आणि त्याच्यासमोर ऑफिसात एकटा फ्रेमिओ.

एक वाजता त्याने पान उघडलं. सहा हजार. त्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. मशीनला वाटतंय, जगाचा रस संपला! फक्त आपण मधेमधे डोकावायचं नाही. त्याने दोन्ही हात मांडीखाली दाबले आणि समोरच्या भिंतीकडे बघत बसला. दोन वाजता एकोणीसशे. पुन्हा हात मांडीखाली. तीन वाजता पंच्याहत्तर! तेवढ्यात गावाकडून आरोळी उठली, "लाइट आली रेऽऽ!" फ्रेमिओने धडाधड बटणं दाबली आणि दोन तिकिटं छापून घेतली. पाचच मिनिटांत भाव पुन्हा दोन हजारांवर गेला.

तो जवळजवळ नाचतच मोनचोच्या दुकानापाशी आला. तिथे योकास्ताकडून सगळं ऐकून सासूबाई तिच्याच शेजारी खुर्ची टाकून बसल्या होत्या आणि साऱ्या रस्त्याला ऐकवत होत्या, "माझा फ्रेमिओ मला नऊ हजारांचं तिकीट काढतोय! त्या रादामेसला फोन करून सांगा कोणीतरी!"

फ्रेमिओच्या डोळ्यांत पाणीच आलं. त्याने गुडघ्यावर बसून तिकीट त्यांच्या हातात ठेवलं. बाईंनी चष्मा लावला.

"पंच्याहत्तर?"

"एवढ्या पैशांत माझ्याकडे थंड बिअरसुद्धा मिळत नाही," मोनचो म्हणाला. त्याला कोणी विचारलं नव्हतं.

"अहो सासूबाई, रांग तीच, खुर्ची तीच—"

"खुर्चीला काय जाळायचंय? मी सकाळपासून नऊ हजारांची बाई म्हणून मिरवतेय! आता पंच्याहत्तरची झाले? योकास्ता, ने गं या तुझ्या खिडकीतल्याला घरी."

फ्रेमिओने बायकोकडे बघितलं. बायकोने आभाळाकडे बघितलं. शेवटी तो डॉमिनोच्या टेबलाशी बसला आणि त्याने स्वतःच पान उघडलं.

"काढा रे फोन," तो खोल आवाजात म्हणाला. "बघा सगळे. सारखं बघत राहा."

गल्ली इमानेइतबारे कामाला लागली. चार हजार. सहा हजार दोनशे. न्हाव्याने गिऱ्हाइकालाही फोन काढायला लावला. उन्हं कलताना भाव नऊ हजारांवर पोचला. फ्रेमिओने एक लांब श्वास घेतला आणि एक तिकीट घ्यायला बोट पुढे केलं. सासूबाईंनी हळूच त्याचं मनगट धरलं.

"एवढी घाई कसली, फ्रेमिओबाळा?" त्या लाडाने म्हणाल्या. "छान चढतोय. अजून थोडं थांब."