हसणाऱ्यांची सोय

आखातात, जबल अलीच्या गोदामातली नोकरी मंदीनं खाल्ली आणि गुणवंत सबनीसच्या हातात तीस दिवस उरले. तेवढ्यात नवी नोकरी आणि व्हिसा मिळाला नाही, तर अल कुसैसचं बिऱ्हाड गुंडाळून कल्याणला परत! अठ्ठाविसाव्या दिवशी त्याला विल्टनसाहेब भेटले.

विल्टनसाहेबांनी लंडनच्या टीव्हीवर पंचवीस वर्षं विनोदी मालिका काढल्या होत्या. दिग्दर्शक तेच, निर्मातेही तेच. चेहरा मात्र कायम तेराव्याला आल्यासारखा. त्यांच्या नव्या मालिकेचं चित्रण बघून चॅनेलचे मालक सईदसाहेब तिचं काय करायचं ते ठरवणार होते. समोर बसून हसायला माणसं हवी होती आणि ओळखीचे इंग्रज मंदीत मायदेशी पळाले होते.

"चाळीस माणसं आणलीस तर नोकरी तुझी," विल्टनसाहेब म्हणाले.

गुणवंतनं घरी फोन लावला. "अगं प्रमिला, आपल्या मराठी मंडळाची माणसं जमव! लाल दिवा लागला की हसायचं, खलास!"

"अहो, पण सगळं इंग्रजीत असणार ना?"

"दिवा मराठीतच लागतो!"

शनिवारी दुपारी पैठण्या नेसून, अत्तरं लावून मंडळ हजर झालं. पहिल्याच प्रवेशात नोकराचं काम करणारा म्हातारा इंग्रज नट कपबशांच्या ट्रेसकट असा काही घसरला की दिवा लागायच्या आधीच मंडळातले नाटकवेडे सूर्यकांतकाका उठून गरजले, "वन्स मोअर!"

रंगलेली जागा पुन्हा मागून घेणं हा काकांच्या लेखी प्रेक्षकाचा धर्म होता. बिचाऱ्या नटाला उभ्या जन्मात असं कुणी म्हटलं नव्हतं. तो गहिवरला, लवून नमस्कार केला आणि पुन्हा पडला. मंडळ पेटलं. तिसऱ्यांदा पडला तेव्हा कपबशा संपल्या आणि त्याची कंबर धरली.

"कट! कट!" विल्टनसाहेब पाय आपटत आत धावले आणि वायरीत अडकून सोफ्यावर उताणे झाले.

"वन्स मोअर!" आता चाळीस जणांनी एका सुरात मागितलं.

गुणवंत हातवारे करून सगळ्यांना गप्प करू लागला. शेजारी बसलेली त्याची लेक अवनी कुजबुजली, "बाबा, आर वी गोइंग टू कल्याण?" त्याला रडूच येणार होतं.

तेवढ्यात मागच्या रांगेत बसलेले सईदसाहेब डोळे पुसत उठले. हसून हसून त्यांना धाप लागली होती. "हबीबी, ये पब्लिक कौन लाया?"

गुणवंतनं भीत भीत हात वर केला.

"ये नाटक बेकार है," सईदसाहेब म्हणाले. "लेकिन ये गोरा साहब चिल्लाता है, गिरता है, और ये लोग फिर से माँगते हैं, ये मुझे चाहिए! पूरे तेरह एपिसोड बनाएँगे. यल्ला, जल्दी पेपर लाओ!"

विल्टनसाहेब सोफ्यावरून सावकाश उठले. माणसं अजून टाळ्या वाजवत होती, त्यांच्यासाठी! पंचवीस वर्षं कॅमेऱ्यामागे उभं राहून त्यांनी टाळ्या ऐकल्या होत्या, पण त्या नेहमी दुसऱ्याच्या. त्यांनी टाय सारखा केला आणि न वाचताच सही ठोकली.

दुसऱ्या दिवशी व्हिसाचे अर्ज आले. प्रमिलानं गुणवंतचा अर्ज दोनदा वाचला आणि मग देवासमोर साखर ठेवली. चॅनेलच्या कारकुनानं सईदसाहेबांच्या हुकमाप्रमाणे हुद्दे लिहिले होते. विल्टन: नट. गुणवंत सबनीस: निर्माता.