चपलांपाशी बसलेला तत्त्वज्ञ

देऊळ असो, जैनांचं देरासर असो की दर्गा, सुगनचंद आत कधी जात नाही. लोक चपला काढतात तिथं मांडी घालून बसतो आणि त्या चपला बघत राहतो. धर्म आणि संस्कृतीचा एवढा मोठा तत्त्वज्ञ, पुण्या-मुंबईचे विद्वान ज्याचं नाव घेताना आदरानं कानाच्या पाळीला हात लावतात, तो शहाद्यात चपलांच्या ढिगाशेजारी सापडतो. कोणी विचारलं तर उत्तर ठरलेलं: "मझार जाईसन मानूस देवलेबी फसावस. चप्पल खोटं नही बोलस." आत जाऊन माणूस देवालाही फसवतो म्हणे.

मी जळतो त्याच्यावर. लपवायचं कशाला? आम्ही दोघं एकाच दिवशी इथल्या कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवायला लागलो. वयानं मी तीन महिन्यांनी मोठा. मी मोक्षावर चारशे पानांचा ग्रंथ लिहिला. त्याचे गठ्ठे माझ्या पलंगाखाली आहेत. यानं चपलांवर शंभर पानं खरडली, तर त्यांचं जर्मन भाषांतर झालं. ते वाचून एक जर्मन बाई शहाद्याच्या एस.टी. स्टँडवर येऊन उतरली. घ्यायला मी गेलो, कारण हा कुठल्याशा मशिदीबाहेर बसला होता. बाईनं मला नमस्कार केला आणि विचारलं, तुम्ही त्यांचे विद्यार्थी का?

सगळं सुरू झालं त्याच्या खापर गावात. त्याचं घराणं मूळचं राजस्थानचं, बापाचं कापडाचं दुकान. बाजाराला डोंगरातून उतरणारी माणसं दुकानाच्या पायरीखाली चपला काढून मग वर यायची. शहरातला व्यापारी मात्र बुटांसकट गादीपर्यंत. सात-आठ वर्षांच्या सुगननं बापाला विचारलं, हे आपलं दुकान आहे की देऊळ? आणि देऊळ असेल तर यांचे बूट कसे चालतात? बापानं एक कानाखाली काढली. तो सांगतो, माझं सगळं तत्त्वज्ञान त्या चपराकीतून निघालं. अहो, मलाही माझ्या बापानं पुष्कळ बडवलंय. माझ्यातून काही निघालं नाही.

माझ्या मुलीचं लग्न म्हसावदला होतं. हा आपला मांडवाबाहेर. नवरदेवाच्या मामाला वाटलं, चपला राखायला बसवलेला माणूस आहे. त्यानं आपले नवेकोरे कोल्हापुरी जोडे याच्या स्वाधीन केले आणि यानं ते दोन तास मांडीशी धरून इमानेइतबारे राखले. मग ओळख निघाली. मामा ओशाळला, पाया पडला, आणि सगळं वऱ्हाड याच्याभोवती गोळा झालं. मी मुलीचा बाप. मला एका म्हाताऱ्यानं विचारलं, तुम्ही कोणाकडचे?

त्यानं स्वतः लग्न केलं नाही. सुटला बेटा, असं मी बायकोसमोर म्हणायचो आणि त्यापायीही जळायचो. रोज संध्याकाळी तो माझ्याकडे चहाला यायचा. आधी दारात पाच मिनिटं उभा, खाली बघत. भाऊजी, चहा निवतोय, असं बायकोनं म्हटलं की मग आत. मी मात्र तीस वर्षांत त्याच्या घरी एकदाही गेलो नाही. भिंतीवरची त्याची मानपत्रं बघायला जायचं, कोणी सांगितलंय?

यंदा जावं लागलं. गावातल्या व्याख्यानमालेचं शेवटचं भाषण दरवर्षी त्याचं असतं. मला ते आयुष्यात एकदा हवं होतं. कमिटीवाले म्हणाले, सुगनसर नाही म्हणाले तर तुमचं नक्की. माझी सत्तरी आली. पुढच्या वर्षाचा काय भरवसा? लाज गुंडाळून भर उन्हात निघालो, त्याला 'नाही म्हण' असं सांगायला.

त्याच्या दारात एकच जोड होता, त्याचा. आत भिंतीवर एकही मानपत्र नव्हतं. घरात कप एकच, तो मला दिला आणि स्वतः पेल्यात चहा घेऊन बसला. मी आलो कशाला ते सांगितलं. त्यानं माझ्यासमोरच कमिटीला फोन लावला, भाषण नाना करतील, म्हणजे मी, असं सांगून टाकलं. इतक्या सहज दिलं की मला त्याचाही राग आला.

मी उठलो तर म्हणाला, "नाना, एक काम कर. तुन्ह्या चप्पला आठेच ऱ्हाऊ दे."

मला वाटलं, संशोधन असेल. म्हटलं, माझ्या झिजलेल्या चपलांत तुला काय सापडणार?

तो दाराकडे बघत राहिला. "तुन्हा दारमा नऊ-दहा जोड ऱ्हातस. मी रोज मोजस. ते पुस्तक मी तुन्हा दार देखीसनच लिखेल शे. मन्हा दारमा एकच ऱ्हास, नाना. दुसरा जोड दिसस तं घरमा कोनी शे असं वाटस."

चपला तिथंच ठेवल्या. तसाच अनवाणी निघालो. डांबर तापलेलं, सत्तरीचा माणूस रस्त्यावर उड्या मारत घरी आला. बायकोनं विचारलं, देवळात गेला होतात का, चोरीला गेल्या? दारात सुनेच्या, नातवंडांच्या, शेजारणींच्या चपला एकमेकींवर पडलेल्या. रोज मी त्या पायानं बाजूला सारतो, वर सगळ्यांना बोलतो. त्या दिवशी पाय भाजत असताना उभा राहून मोजल्या. नऊ जोड भरले.

भाषण झालं. तासभर मोक्षावर बोललो, लोक पेंगले. तो अर्थातच हॉलबाहेर. संपल्यावर म्हणाला, मधूनच चपला घालून एकही माणूस गेला नाही, म्हणजे चांगलं झालं. त्या एवढ्या मोठ्या विद्वानानं हे इतक्या गंभीरपणे सांगितलं की मी जळायचंसुद्धा विसरलो.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी त्याच्या घरी गेलो. माझ्या जुन्या चपला त्यानं पुसून, आपल्या चपलांना लावून, तोंडं आत करून ठेवल्या होत्या. पायातल्या नव्या काढून मी त्यांच्या शेजारी ठेवल्या. तीन जोड झाले. मग कडी वाजवली.

"सुगन," मी म्हटलं, "च्या ठेव."