कोंडवाड्यातले बाळंतपण

औंढ्याहून शिरड शहापूरकडे जाणाऱ्या गाडीवाटेवर एक गाव आहे. निजाम सरकारच्या अमलात, त्या गावच्या सरकारी कोंडवाड्यात, एका म्हशीने पहाटेच्या प्रहरी रेडकाला जन्म दिला. घटना एवढीच. म्हशी वितात, त्यात निसर्गाविरुद्ध काही नाही. परंतु ज्या जागेत प्रत्येक जनावर दारातून येते आणि दारातूनच जाते, त्या जागेत एक जनावर दारातून न येताच उपस्थित झाले होते. ही गोष्ट निसर्गाला धरून असली, तरी नियमाला धरून नव्हती.

म्हैस तांड्यावरच्या पारुबाईची. आदल्या सायंकाळी ती संतराम पाटलांच्या ज्वारीत शिरली आणि पाटलांच्या गड्याने तिला हाकून कोंडवाड्यात घातले. तिचे दिवस भरलेले आहेत, हे गड्याला दिसत होते. परंतु त्याला ज्वारीचे रक्षण सांगितले होते, सुईणपण नव्हे. सकाळी पारुबाई आली. तिने दंड भरला, पावती घेतली, म्हशीच्या गळ्यात दावे घातले आणि रेडकाला उचलण्यासाठी ती वाकली. तेव्हा कोंडवाड्याचा राखणदार खाजा मिया संकोचाने पुढे झाला.

"पारुबाई, म्हैस ने. पर ह्या पोरीचं काय करू, मला कळून नाही राहिलं."

"काय करू म्हंजे? मायसंगं लेकरू."

"व्हय, पर पावती एकीचीच हाय. आत आली एक, बाहीर सोडू दोन? वर मलाच इचारतील, दुसरी कुठून आली."

"लेकरं कुठून येतेत, ते तुमाला ठावं न्हाई का, खाजाभाई?"

खाजा मियाला ते ठाऊक होते. त्याला नातवंडे होती. परंतु ते सरकारला ठाऊक आहे की नाही, हे त्याला ठाऊक नव्हते. म्हणून तो विचारावयास चावडीवर गेला. चावडी आणि कोंडवाडा यांच्यामध्ये एकच भिंत होती. त्या दिवशी तहसिलीचे नायब साहेब दौऱ्यावर तेथेच मुक्कामाला होते, आणि हेच रेडकाचे दुर्दैव म्हणावे लागेल. एरवी खाजा मियाने डोळेझाक केली असती आणि पारुबाईने रेडकू खांद्यावर टाकले असते.

नायब साहेब सज्जन आणि कर्तव्यदक्ष होते. त्यांनी कलमे चाळली. कोंडवाड्यात आलेल्या जनावराचे कलम होते, पळालेल्याचे होते, मेलेल्याचेही होते. जन्मलेल्याचे नव्हते. मात्र सर्व कचेऱ्यांना फिरवलेला एक गश्ती हुकूम होता, की जेथे कलम मौन धारण करील तेथे अंमलदाराने मिसालीवरून, म्हणजे दृष्टांतावरून, निवाडा करावा. विरुद्ध पक्षास उलट दृष्टांत देण्याची पुरेपूर संधी द्यावी. आणि जो दृष्टांत अखेरीस निरुत्तर राहील तो मान्य करावा. प्रश्न स्पष्ट झाला: सरकारी कोंडवाड्यात जन्मलेले रेडकू पारुबाईचे, की सरकारचे?

सरकारच्या बाजूने फारुक वकील उभे राहिले. ते हिंगोलीहून दुसऱ्याच एका कामासाठी आले होते. पण वाद चालू असताना स्वस्थ बसणे त्यांच्या प्रकृतीस मानवत नसे. पारुबाईच्या बाजूने त्र्यंबकशास्त्री स्वयंस्फूर्तीने उभे राहिले. शास्त्रीबुवांची विद्वत्ता पंचक्रोशीत वंद्य होती. न्यायशास्त्राचे त्यांचे अध्ययन गुरुगृही झाले होते. समोरच्याने दृष्टांत दिला की तशाच तोलाचा उलट दृष्टांत देऊन तो निकामी करावा, हे त्यांनी गुरुमुखातून ऐकले होते. मात्र एवढ्याने आपला पक्ष सिद्ध होत नाही, हा पुढचा भाग सांगण्याआधीच गुरुजी काशीयात्रेस निघाले आणि तिकडेच राहिले.

"सुनावणी सुरू करण्यापूर्वी," वकील म्हणाले, "एक अर्ज आहे. रेडकाला त्याच्या आईचे दूध पाजले जाऊ नये."

"काहून?" पारुबाईने विचारले.

"जो पाळतो-पोसतो, तो पुढे मालकी सांगतो. दूध पारुबाईच्या म्हशीचे. ते आज रेडकाच्या पोटात गेले, की उद्या पारुबाई म्हणेल, माझ्या दुधावर वाढले. निवाड्याआधीच निवाडा झाल्यासारखे होईल."

नायब साहेबांना हे पटले. शास्त्रीबुवांनाही मुद्दा शास्त्रशुद्ध वाटला. खाजा मियाने सरकारी खर्चाने शेळीचे दूध पाजण्याची परवानगी मागितली, तेव्हा शास्त्रीबुवांनी हाच आक्षेप उलट बाजूने घेतला: सरकारने पोसले, तर सरकारची मालकी सिद्ध होईल. नायब साहेबांना हेही पटले. अशा रीतीने दोन्ही पक्षांना सारखा न्याय मिळाला आणि रेडकू कोंडवाड्यातच दाव्याने खांबाला बांधले गेले. म्हैस कोंडवाड्याबाहेर, भिंतीपलीकडे उभी राहून हंबरू लागली.

"आंब्याचे झाड ज्याच्या जमिनीत, आंबा त्याचा," फारुक वकिलांनी प्रारंभ केला. "जमीन सरकारची. फळ तेथे पडले."

"लेक बाळंतपणाला माहेरी येते," शास्त्रीबुवा शांतपणे म्हणाले. "म्हणून नातवंड काय आजोबांच्या घराण्याचे होते? ते सासरी जाते. कोंडवाडा हे या म्हशीचे माहेर समजावे."

चावडीत माना डोलल्या. नायब साहेबांनीही दृष्टांत मान्य केल्यासारखा चेहरा केला. परंतु ते कर्तव्यदक्ष असल्यामुळे त्यांनी तो अर्धवट सोडला नाही. माहेर म्हटले, की माहेरच्या माणसांची कर्तव्ये आली. त्यांनी खाजा मियाला बोलावले.

"लेक सासरी जाताना तुमच्या गावात काय रिवाज आहे?"

"हुजूर, ओटी भरतेत. खण, नारळ, तांदूळ."

"मग भरा."

"म्हशीची, हुजूर?"

"माहेर कोणाच्या ताब्यात आहे?"

खाजा मिया नारळ आणावयास गेला. परंतु तो परत येण्याआधीच वकिलांनी प्रतिदृष्टांत टाकला होता. माहेरी लेकीला मानाने बोलावणे धाडतात; ही म्हैस काठीने हाकून आणलेली. तेव्हा कोंडवाडा माहेरासारखा नसून तुरुंगासारखा आहे.

शास्त्रीबुवांच्या मुखावर प्रसन्नता पसरली. "तुरुंगासारखा? उत्तम! बंदीवान स्त्री प्रसूत झाली, तर तिचे अर्भक बंदीवान होते काय?"

"तुरुंगात कैदी सतरंजी विणतो," वकील म्हणाले. "ती सतरंजी कोणाची? सरकारची."

सतरंजीला तोड सापडेना. पारुबाईने या संधीचा फायदा घेतला आणि ती उंबऱ्याशी आली.

"साहेब, ते भुकेलं हाय. मायच्या कासंत दूध हाय. मधी भिंत हाय तुमची. दोन घोट पिऊ द्या, मग तुमी बोलत बसा."

नायब साहेबांनी सहानुभूतीने विचारले, "यात दृष्टांत कोणता?"

"दृष्टांत न्हाई साहेब. हे खरंच हाय."

"मग ते विचारात घेता येत नाही," साहेब म्हणाले, आणि त्यांना खरोखरच वाईट वाटले.

दरम्यान शास्त्रीबुवांना तोड सापडली होती. सतरंजी तुरुंगात विणली असेल, पण सूत कैद्याने घरून आणले होते! गर्भ तर मागच्या वर्षीपासून पारुबाईच्या घरी वाढत होता. कोंडवाड्यात केवळ शेवटची गाठ मारली गेली. वकील म्हणाले, शेवटच्या गाठीवाचून सतरंजी सतरंजी होत नाही. शास्त्री म्हणाले, सुतावाचून गाठ मारणार कशाला? नायब साहेबांनी दोघांनाही थांबवून खाजा मियाला विचारले, रेडकाचा कोणता भाग प्रथम बाहेर आला आणि कोणता शेवटी.

"मुंडकं आधी, हुजूर. शेवटाला शेपूट."

नायब साहेबांनी ते टिपून घेतले. मग म्हणाले, की सतरंजीचा दृष्टांत काटेकोर लावायचा, तर शेवटची गाठ, म्हणजे शेपूट, सरकारची ठरते. उरलेले रेडकू पारुबाईचे.

पारुबाई तत्काळ म्हणाली, "शेपूट ठिवून घ्या साहेब! कापा, राहू द्या हितंच. बिनशेपटाची म्हैस बी दूध देते. लेकरू तेवढं सोडा."

परंतु साहेबांनी खेदाने मान हलवली. शेपूट सरकारी असल्यास ते कापणे म्हणजे सरकारी मालमत्तेची नासधूस. आणि न कापता जाऊ देणे म्हणजे अफरातफर. निवाडा पुढे ढकलावा लागला. म्हशीच्या हंबरण्याने कामकाजात व्यत्यय येतो, अशी तक्रार दोन्ही विद्वानांनी एकमुखाने केल्यामुळे तिला गावाबाहेर ओढ्याकाठी बांधावे, असा हुकूम निघाला. खाजा मियाने आणलेला नारळ चावडीत फोडून सर्वांना वाटण्यात आला.

दुसऱ्या दिवशी वाद अधिक उंचीवर गेला. कोंडवाडा धर्मशाळेसारखा आहे, असे शास्त्रीबुवांनी प्रतिपादन केले. धर्मशाळेत प्रसूत झालेली यात्रेकरीण मूल मागे ठेवून जात नाही. वकील म्हणाले, तो नागनाथाच्या देवळासारखा का नसावा? देवापुढे जे पडले ते देवाचे. शास्त्रीबुवा म्हणाले, देवळात भाविकाची चप्पलही पडलेली असते, ती कोणी देवाची म्हणत नाही. वकिलांनीही "वाहवा" म्हटले. त्या दोघांना परस्परांविषयी आदर वाटू लागला होता आणि दुपारचा चहा त्यांनी एकत्र घेतला.

भिंतीपलीकडचा रेडकाचा आवाज आता बराच कमी झाला होता. त्यामुळे कामकाज शांततेत चालले.

पारुबाई रात्रभर कोंडवाड्याच्या दाराशी बसली होती. तेवढ्या वेळात तिने चावडीची रीत ओळखली. सायंकाळी ती पुन्हा उभी राहिली, डोक्यावरचा पदर तिने सावरला आणि म्हणाली, "साहेब, मला बी एक दृष्टांत द्यायचा हाय."

साहेब सरसावून बसले. चावडी आनंदली.

"तुमचं लेकरू असतं. भुकेनं रडत असतं. त्याची माय भिंतीपल्याड असती. तुमी काय केलं असतं?"

नायब साहेबांचा हात दौतीवरच थांबला. त्यांना हिंगोलीच्या घरी एक तान्हे मूल होते. ते काही बोलणार, असे वाटले. वकिलांनाही लगेच उत्तर सुचले नाही. आणि दृष्टांत निरुत्तर राहिला, तर निवाडा होणार, हे सर्वांना माहीत होते. खाजा मिया तर दावे सोडण्यासाठी कोंडवाड्याकडे निघालाही होता.

तेव्हा त्र्यंबकशास्त्री उभे राहिले. विद्येपुढे त्यांना आपला-परका असा भेद नव्हता.

"हा दृष्टांत टिकत नाही," ते गंभीरपणे म्हणाले. "उपमेला साधर्म्य हवे. साहेबांच्या चिरंजीवांना शिंगे फुटण्याचा संभव नाही. शिवाय साहेबांचे मूल कोंडवाड्यात जन्मलेले नाही."

"शास्त्रीबुवा," पारुबाई म्हणाली, "तुमी माझ्याकडून हायत ना?"

"बाई, मी सत्याकडून आहे."

वकिलांनी उठून शास्त्रीबुवांचा हात हाती घेतला. साहेबांनी सुटकेचा निःश्वास टाकला, दृष्टांत फेटाळला आणि पुढची तारीख देण्यासाठी पंचांग मागवले. तिथी पाहिली जात असतानाच खाजा मिया आत आला. त्याने टोपी सारखी केली आणि तो उंबऱ्यातच उभा राहिला.

"हुजूर, तारीख राहू द्या. गेली ती."

नायब साहेबांनी पुन्हा कलमे काढली. मेलेल्या जनावराचे कलम स्वच्छ होते: कोंडवाड्यात मेलेले जनावर मालकाने तत्काळ आपल्या खर्चाने उचलून न्यावे.

"मालक कोण?" साहेबांनी विचारले.

"पारुबाई," फारुक वकील म्हणाले.

"पारुबाई," त्र्यंबकशास्त्री म्हणाले.

कोणत्याही बाजूने एकही दृष्टांत आला नाही. दोन दिवस गाजलेल्या प्रकरणाचा निवाडा सही वाळण्याच्या आत झाला.

पारुबाईने विचारले, "आता माझी झाली का, साहेब?"

"शेपटासकट," साहेब म्हणाले. ते मनाने वाईट नव्हते. म्हणून त्यांनी जाता जाता एक उपायही सुचवला. रेडकावाचून म्हैस पान्हा सोडणार नाही, हे खरे. पण कातडे सोलून त्यात भुसा भरावा आणि ते म्हशीपुढे ठेवावे. लोक असे करतात. अगदी रेडकासारखे दिसते.

पारुबाईने तसे केले. दुसरा उपाय नव्हता. घरची मीठमिरची त्या दुधावर चालायची होती. तिने भुसा भरलेले रेडकू ओढ्याकाठी म्हशीपुढे उभे केले. म्हशीने ते एकदा हुंगले आणि तोंड फिरवले. त्या वेतात तिने दुधाचा थेंब दिला नाही. सारखे दिसणाऱ्या वस्तूवर समाधान न मानणारे त्या गावात तेवढे एकच जनावर निघाले, आणि तेही तांड्याचे.

ही हकीकत मी आजवर अनेक सुविद्य मंडळींना सांगितली आहे. सतरंजीपर्यंत आलो, की कोणीतरी मला हटकून थांबवते आणि म्हणते, "हे तर अगदी आमच्या अमक्या प्रकरणासारखे!" लगेच दुसरा म्हणतो, "छे, ते निराळे. हे तर तमक्यासारखे." मग दोन्ही बाजूंनी फार सुंदर बोलणे होते, चहा होतो, आणि मी उठून घरी येतो. वाचक महाराज, आपल्यालाही वाचता वाचता असा एखादा दृष्टांत सुचला असेल. तो उत्तमच असणार. आपल्याला तो सुचला, तेव्हा रेडकू जिवंत होते.