उणे एकची बुक्की

साहेबांच्या बुक्कीने राक्षसाची तब्येत सुधारत होती, आणि हे साहेबांना सांगायचं कोणी, असा प्रश्न होता.

सांगायचं आरेखकाने, कारण खेळ त्याचा होता. पाणीपुरवठा कार्यालयात तो नळांचे नकाशे काढायचा. बायकोची नोकरी दुसऱ्या गावात, रात्रभराच्या प्रवासावर. इथल्या भाड्याच्या खोलीत शनिवारची दुपार भिंतीकडे बघत घालवण्यापेक्षा बरं, म्हणून त्याने ऑफिसात हा खेळ सुरू केला होता. कागदावरचं भुयार, कागदावरचे राक्षस, प्रत्येकाने आपला एक वीर घ्यायचा आणि मारामारी फाशांवर ठरवायची. भुयाराचा नकाशा तो रद्द झालेल्या आराखड्यांच्या पाठीवर काढी. हात सवयीने चाले, त्यामुळे त्याचं भुयार बरंचसं जलशुद्धीकरण केंद्रासारखं दिसे. खजिना टाकीपाशी आणि ड्रॅगन पंपघरात.

खेळायला टायपिस्ट बाई आणि स्टोअरकीपर असत. रेकॉर्डरूमचे काका नुसतेच बसत, कारण आरेखन शाखेतला पंखा त्यांच्या खोलीतल्यापेक्षा बरा होता. त्यांच्या हाती कंदील धरायचं काम दिलं होतं, तेही कागदावर. असं सगळं सुखात चाललं असताना त्या शनिवारी साहेब दारात उभे राहिले.

"काय चाललंय?" ते म्हणाले. मग खुर्ची ओढून, "मीही खेळतो."

नाही म्हणणं शक्य नव्हतं. आरेखकाचा बदलीचा अर्ज साहेबांच्या टेबलावर होता. बायकोच्या गावात जागा रिकामी झाली होती, तिकडचे अधिकारी तयार होते, फक्त इकडून सोडायचं होतं. एक सही. तीन वर्षं ज्याची वाट पाहिली ते सगळं त्या सहीत येऊन बसलं होतं.

वीर तयार करताना साहेबांनी हाती आलेले बहुतेक गुण 'प्रभावा'त घातले. "माणसाची छाप पडली पाहिजे," ते म्हणाले. बळासाठी जे उरलं ते बघून आरेखकाला त्या वीराची कीव आली. पुढे पहिलाच बुटका राक्षस दिसताच साहेबांनी तलवार फेकून मारली. ती राक्षसाला चुकवून व्हॉल्व्हच्या खड्ड्यात गेली. स्टोअरकीपरने आपली जादा तलवार पुढे केली.

"वापरलेली वस्तू मी घेत नाही," साहेब म्हणाले. "बुक्कीच मारतो. फासा द्या." बुक्की बसली. "किती लागलं त्याला?"

आरेखकाने हिशेब केला. रिकाम्या हाताच्या फटक्याला एक, त्यात बळ सरासरीपेक्षा जेवढं कमी-जास्त, तेवढा फरक मिळवायचा. साहेबांच्या बळाचा फरक उणे दोन. म्हणजे उणे एक. त्याने पुन्हा केला. राक्षसाचे चार प्राण होते, ते पाच होत होते. ही बुक्की नव्हती, टॉनिक होतं.

"काय झालं? अडलं का काही?"

"नाही साहेब. जरा... जास्त येतंय."

टायपिस्ट बाईंनी हळूच कागदात डोकावलं आणि चेहरा पदराआड नेला. आरेखक खरं तर सरळ माणूस होता. चुकीचा नळ नकाशावर दाखवा म्हटलं असतं तर त्याने पेन खाली ठेवलं असतं. पण नळासाठी बायको दूर राहत नव्हती. त्याच्या तोंडून निघून गेलं, "रिकाम्या हाताला अनुभवाचे गुण मिळवायचे असतात. दर पाच वर्षांच्या नोकरीला एक."

"माझी पंचवीस झाली!"

"मग पाच. उणे... म्हणजे एकूण चार."

राक्षस मेला. साहेबांनी बाह्या सावरल्या. खेळ इथे संपला असता तर बरं झालं असतं.

"एक मिनिट," टायपिस्ट बाई म्हणाल्या. "नियम सगळ्यांना सारखाच ना? माझी अठ्ठावीस वर्षं झाली. माझी बुक्की किती?"

"पाच अधिक एक, सहा."

"आणि वरची तीन वर्षं वाऱ्यावर?"

"बाईंची सहा आणि माझी चार?" साहेबांची मान वळली. "पदाचा काही विचार नाही?"

"आहे ना साहेब. अधिकारीपदाला दोन जादा." आरेखकाने कपाळ पुसलं. "दोघांची सहा-सहा."

"मग माझी बाळंतपणाची रजा? ती कापली नाहीस ना?" बाईंनी बोट रोखलं. "ती सेवेत धरतात."

"धरली आहे, बाई."

आता स्टोअरकीपर सरसावला. त्याची बारा वर्षं, पण पैकी पाच तात्पुरत्या नेमणुकीवर. ही पाच धरायची की नाही, यावर मारामारी थांबली आणि पुढचे राक्षस बिचारे भिंतीला टेकून उभे राहिले. बाई म्हणाल्या, धरू नये. स्टोअरकीपर म्हणाला, त्या पाच वर्षांत गोदामातले उंदीर काय तात्पुरते होते? शेवटी आरेखकाने कंटाळून निकाल दिला की तात्पुरती सेवा अर्धी धरावी, बिनपगारी रजा वजा करावी आणि निम्म्याहून जास्त भरलेलं वर्ष पूर्ण मानावं. घरी जायला उशीर होत होता, एवढाच त्यामागचा विचार. पण गंमत अशी की सगळ्यांनी माना डोलावल्या. स्टोअरकीपरच्या वाट्याला त्यातून फारसं काही आलं नाही, तरी तो म्हणाला, "हे रास्त आहे." जन्मात प्रथमच त्याने तो शब्द वापरला असावा.

मग काय, तलवारीपेक्षा बुक्की भारी म्हटल्यावर सगळ्यांनी हत्यारं टाकली. बाईंची वैद्य, जिने आजवर फक्त जखमा बांधल्या होत्या, ती राक्षसांना गुद्दे घालत पुढे निघाली. आरेखकाने दोन महिने खपून वाढवलेला ड्रॅगन पंपघरात झोपला होता. त्याला कसं हरवायचं याची तीन कोडी, एक गुप्त दार आणि एक शाप तयार होता. कोणी विचारलंसुद्धा नाही. चौघं आत शिरले आणि ड्रॅगनला गल्लीतल्या चोरासारखं बडवायला लागले. सोळा प्राण उरले तेव्हा काका घड्याळाकडे बघून छत्री शोधायला लागले.

"अजून किती वेळ रे?"

"काका, तुमचाही डाव आहे. काय करता?"

"मी काय करू? कंदील आहे माझ्या हातात."

"दुसरा हात मोकळा आहे की!" साहेब म्हणाले.

"मग त्या प्राण्याला एक चापट मारा माझ्या नावाने आणि दिवे बंद करा. मला जायचंय."

काकांची नोकरी अडतीस वर्षांची, पुढल्या महिन्यात निवृत्ती. अडतीसला सात, अधिक एक, आठ. स्टोअरकीपरने त्यांच्या वतीने वीस तोंडांचा फासा टाकला. वीस पडले. वीसला मार दुप्पट.

ड्रॅगन कंदीलवाल्याच्या चापटीने मेला.

साहेब त्या कागदाकडे एकटक बघत होते. त्यांच्यासमोर, त्यांचा वीर जिवंत असताना, मान दुसऱ्यानेच घेतला होता आणि तोसुद्धा छत्री शोधता शोधता. साहेब उठले. "सोमवारी भेटा," एवढंच आरेखकाला म्हणाले. करायला गेलो काय आणि झालं काय, असं म्हणत तो रविवारभर खोलीत पडून राहिला.

सोमवारी साहेबांनी त्याला बसायला सांगितलं. हेच मोठं अशुभ होतं.

"आपल्या खात्याची ज्येष्ठता यादी माहीत आहे तुम्हाला?" साहेब म्हणाले. "कोण आधी लागला, कोण नंतर. तात्पुरती सेवा, रजा, सगळा घोळ. दोन समित्या नेमल्या, दोन्हींतली माणसं आता एकमेकांशी बोलत नाहीत. आणि शनिवारी तुम्ही एका दुपारी निकाल लावलात. स्टोअरकीपर रास्त म्हणाला, मी स्वतः ऐकलं. यादी तुम्ही करायची."

"साहेब, तो नियम खोटा होता," आरेखक घाईघाईने म्हणाला. "मी बनवला. खरं सांगतो, तुमच्या बुक्कीचं उणे एक येत होतं. राक्षसाला बरं वाटलं असतं."

साहेब मागे टेकले.

"म्हणजे माझी बुक्की उणे आहे, हे माहीत असूनही मला न दुखवता तुम्ही मार्ग काढलात?"

"हो, पण..."

"मग तर तुम्हाला सोडणं शक्यच नाही," साहेब गहिवरून म्हणाले आणि अर्जावर 'तूर्त कार्यमुक्त करता येत नाही' असं लिहून त्यांनी सही केली. सही तीच होती. "एक वर्ष फक्त. तोवर ती जागा भरली, तर दुसरी निघेल कधीतरी."

संध्याकाळी त्याने बायकोला सगळं सांगितलं. ती मध्ये एकदाही बोलली नाही, तेव्हा त्याला फोन कट झाल्यासारखं वाटलं.

"आहेस ना?"

"आहे. तू सरळ उणे एक सांगायला हवं होतंस. रागाने तरी सोडलं असतं त्यांनी."

"हो."

"बरं, माझी बुक्की किती येते रे? लग्नाला अकरा वर्षं झाली."

"अकराला दोन. अधिक एक. तीन."

"त्यातली तीन वर्षं आपण वेगवेगळ्या गावांत आहोत. ती कशी धरायची?"

आरेखकाने सगळे नियम मनात फिरवून पाहिले. शनिवारी त्याने प्रत्येकाला उत्तर दिलं होतं. हे कशात बसत नव्हतं, आणि त्याला एकदम खूप वाईट वाटलं.

"दुप्पट धर," ती म्हणाली.

त्याने धरली. अकरा आणि तीन चौदा. "तरी दोनच येतात. पंधरा लागतात. एक वर्ष कमी पडतंय."

"ते साहेबांनी दिलंय ना आज," ती म्हणाली.