तीन ते तीन वीस

कलावंत काळाच्या पलीकडे असतो, असं म्हणतात. आमच्या शेजारचा यार्मो दुपारी तीन ते तीन वीस एवढ्या काळात असतो. 'आज ३.०० ते ३.२० गिटार वाजवीन. क्षमस्व,' अशी चिठ्ठी तो रोज सकाळी आमच्या पत्रपेटीत टाकतो. अक्षर बँकेतल्या जुन्या कारकुनासारखं.

हा माणूस एके काळी फिनलंडमधला गाजलेला रॉक गायक होता, हे नेदरलँड्समधल्या कापेल गावातल्या आमच्या घरांच्या ओळीत कुणाला सांगून पटत नाही. त्याच्या बँडच्या नावाचा अर्थ 'शेवटचा हिवाळा'. त्यानंतर ते अकरा हिवाळे टिकले. स्टेजवर आग, धूर आणि एक बैलाची कवटी असायची. पुढे डच बायकोसाठी, इनेकेसाठी, तो इथे आला. कवटीही आली. ती बागेत आहे. तिच्यात पुदिना लावलाय.

बोलण्यात तो कंजूष. माझी बायको मुग्धा हौसेने म्हणते, "यार्मोकाका, आज ऊन काय छान पडलंय!"

"शक्य आहे."

"पोहे आवडले?"

"शक्य आहे."

डिश मात्र धुऊन, पुसून परत येते. "एवढं बोलले म्हणजे फिदाच झालेत," मुग्धा म्हणते.

मी घरून काम करतो. तीन वाजले की मीटिंगचा आवाज बारीक करतो. भिंतीतून गाणं झिरपायला लागतं. स्क्रीनवर कुणीतरी तिमाहीचा तक्ता समजावत असतं आणि मी एका गोठलेल्या तळ्यावरून सावकाश चालत असतो. शब्द कळत नाहीत, त्यामुळे ते फारच गहन वाटतात. मृत्यू नाहीतर ईश्वर, यापैकी काहीतरी असणार. दुसरं कडवं संपलं की गाणं थांबतं. रोज तिथेच.

एका रविवारी कुंपणावरून मुग्धाने सरळ विचारलं, "काका, पुढचं का नाही गात?"

त्याने पुदिन्याची दोन सुकी पानं खुडली. मग त्याच्या मानाने भाषणच केलं. जुना बँड जूनमध्ये एकदाच, गावी, एकत्र येणार होता. लोक हेच गाणं मागणार. तिसरं कडवं इनेके गायची. ती गेल्यापासून त्याला तिथून पुढे गाता येत नाही. शुक्रवारपर्यंत जमलं नाही, तर तो नकार कळवणार होता.

मुग्धाने त्या गाण्याचा जुना व्हिडिओ शोधून काढला. धुरात तरुण यार्मो, शेजारी साध्या स्वेटरमधली, दोन वेण्यांची इनेके. तीन दिवस आमच्या स्वयंपाकघरातून फोडणीबरोबर फिनिश ऐकू येत होतं.

"अर्थ तरी कळतोय का तुला?" मी विचारलं.

"तुला आरतीतल्या सगळ्या शब्दांचा कळतो?"

मी कांदा चिरायला घेतला.

गुरुवारी नेहमीच्या जागी गाणं थांबलं. मुग्धा भिंतीशी जाऊन उभी राहिली आणि तिने तिसरं कडवं सुरू केलं. पलीकडे काहीच नाही. तिने सोडलं नाही. मग गिटार हळूच तिच्या आवाजाखाली आली, आणि शेवटच्या दोन ओळींना यार्मोचा घोगरा सूर. मी लॅपटॉप मिटला. मीटिंग माझीच होती.

थोड्या वेळाने बेल वाजली. दारात यार्मो, डोळे लाल.

"उच्चार भयंकर आहेत," तो मुग्धाला म्हणाला. धुतलेली डिश तिच्या हातात दिली. "मी जातोय. त्यांना कळवलं."

मुग्धाने ओढणीने डोळे पुसले. "काका, त्या कडव्याचा अर्थ काय हो?"

यार्मोने नीट विचार केला.

"तळ्यात माझ्या बोटीचं इंजिन बंद पडलं होतं. एक डच मुलगी आली. तिने प्लग बदलला."