चार बोटं कमी

सासऱ्यांनी ढेकर दिला आणि भोंग्याच्या हातातली कात्री थांबली.

ढेकर देणं हा काही गुन्हा नव्हे. पण पडद्यांच्या दुकानात, गिऱ्हाईक समोर उभं असताना सासऱ्यांनी जावयाकडे बघत सावकाश म्हटलं होतं, "चार बोटं कापड खाल्लं की असं होतं, जावईबापू."

गिऱ्हाईक हसलं. भोंगा हसला नाही. 'चार बोटं कापड खातो, वर ढेकर देतो म्हातारा' ही त्याची स्वतःची ओळ होती आणि ती अजून जगात यायची होती.

भोंगा दिवसभर सासऱ्यांच्या दुकानात पडदे कापायचा, त्यांच्याच घराच्या वरच्या मजल्यावर बायकोबरोबर राहायचा आणि रविवारी सकाळी एका पंक बँडमध्ये गायचा. गायचा म्हणजे मानेच्या शिरा ताणून ओरडायचा. पंकमध्ये सुरापेक्षा संतापाला मान असतो, आणि सुराची टंचाई असली तरी संताप त्याच्याकडे मुबलक होता. पहिल्या अल्बमचं नाव 'चार बोटं कमी', कारण सासरे गिऱ्हाइकाला मापात तेवढं कापड कमी देतात अशी त्याची खात्री होती. गाणी नऊ, त्यातली सात सासऱ्यांवर. ही बंडखोरी त्याने नीट बेतलेली होती. तो ओरडायला लागला की शब्द कोणाच्या बापाला कळत नसत. बायकोच्या बापाला तर नाहीच नाही. सासरे हल्ली भाव विचारला की माप सांगायचे. ऐकू कमी येतं हे मात्र त्यांना मान्य नव्हतं.

"बाबांना कळलं तर दुकानातली कात्री आणि घराची किल्ली, दोन्ही ठेवून निघावं लागेल," बायकोने बजावलं होतं. "मी बरोबर येईन की नाही, ते तेव्हा बघू."

आणि आता ओळ फुटली होती. म्हणजे घरभेदी बँडमध्येच होता. बँडमध्ये माणसं तीन. स्वतःवर संशय घेण्याइतका भोंगा उदार नव्हता. उरले दोघे.

"तू आमच्या दुकानात गेला होतास?" त्याने गिटारवाल्याला गाठलं.

"पडदे बघायला. बायकोने पाठवलं होतं."

"पंकवाला पडदे बघतो?"

"का? पंकवाल्याच्या डोळ्यावर ऊन येत नाही?"

उत्तर फारच तयार वाटलं. पुढच्या रविवारी भोंग्याने गिटारवाल्याला सुट्टी दिली आणि फक्त ड्रमरसमोर एक नवं कडवं गायलं: 'मिशी काळी, नियतही काळी'. बुधवारी सासरे दुकानातल्या आरशासमोर मिशी कुरवाळत म्हणाले, "काळी आहे ना अजून, जावईबापू?"

म्हणजे ड्रमर! खात्री करायला त्याने ड्रमरला सुट्टी दिली आणि फक्त गिटारवाल्यासमोर सासऱ्यांच्या घोरण्यावर एक कडवं म्हटलं. गुरुवारी सासऱ्यांनी विचारलं, "रात्री झोप लागते ना वरती? का खालून आवाज येतो?"

म्हणजे दोघेही!

त्या दिवसापासून बँडमध्ये बोलणं बंद झालं. रेकॉर्डिंग मात्र अडलं नाही, कारण ते एकेकट्यानेच करावं लागायचं. ड्रमरचा मामा कान तपासून ऐकायची मशीनं बसवायचा. त्याच्या दवाखान्यात कान तपासायची काचेची बंद खोली होती, तिच्यात एक माणूस आणि त्याचा संताप, एवढंच मावायचं. रविवारच्या तालमीही याच दवाखान्यात व्हायच्या, आणि तेव्हासारखाच मामा बाहेर रेकॉर्डिंगच्या यंत्राशी बसून पेपर वाचायचा. त्याच्यावर संशय घ्यावा असं त्याच्यात काही नव्हतं; शब्दकोडं सोडवणाऱ्या माणसावर कोण संशय घेणार? उलट, एकमेकांवरचा राग तिघांनी त्या खोलीत असा काही ओतला, की मामा म्हणाला, "पोरांनो, हे फार कामाचं झालंय."

प्रकाशनाला माणसं आणायचंही मामानेच अंगावर घेतलं. "साठ खुर्च्या भरून देतो. तुम्ही फक्त ओरडा."

साठ खुर्च्या भरल्या. भोंग्याने पडद्याआडून डोकावलं. समोर सगळी सत्तरीपुढची डोकी. पहिल्या रांगेत, बरोबर मधोमध, सासरे.

पळायला जागा नव्हती. ड्रमरने काठ्या आपटल्या, भोंग्याने डोळे मिटले आणि कोणाला काही कळू नये म्हणून आयुष्यात ओरडला नव्हता इतका ओरडला. "चार बोटं कापड खातो!"

"वर ढेकर देतो म्हातारा!" साठ म्हाताऱ्यांनी एका सुरात पूर्ण केलं. एक आजीबाई तर पुढचं कडवं आधीच म्हणून मोकळ्या झाल्या.

मध्यंतरात भोंग्याने मामाची कॉलर धरली.

"अरे, मशीन बसवलं की बघावं लागतं, गोंगाटात माणसाला शब्द पकडता येतात का," मामा शांतपणे म्हणाला. "आधी मी मिक्सर लावून पेपर वाचून दाखवायचो. आता तुमच्या तालमींची रेकॉर्डिंगं लावतो. तुमच्यासारखा गोंगाट विकत मिळत नाही रे! ज्याला तुझं गाणं कळलं, त्याला जगात काहीही कळेल. तुझे सासरे तर हुशार. दुसऱ्याच खेपेला सगळं बिनचूक लिहून दिलं."

मागे सासरे उभे होते. कानामागे बोटभर मशीन.

"बाबा, ते गाणं म्हणजे..."

"मशीनचं घरी बोलायचं नाही. म्हातारा झालो म्हणतील."

"नाही बोलणार."

"मग मीही काही ऐकलेलं नाही." भोंग्याने सुटकेचा श्वास सोडला, तोच सासऱ्यांनी बोट उगारलं. "पण माप चुकलंय तुमचं. मी दोन बोटं कापतो. चार बोटं तो कोपऱ्यावरचा पडदेवाला कापतो, आपल्याला टक्कर द्यायला दुकान थाटून बसलाय तो."

"हो का?"

"दुसऱ्या अल्बममध्ये त्याच्यावर घ्या. शब्द मी देतो, ओरडा तुम्ही."

भोंग्यातला बंडखोर क्षणभर घुटमळला. "पण बाबा, तो कशाला ऐकेल आमची गाणी?"

सासऱ्यांनी डावीउजवीकडे पाहिलं आणि जावयाच्या कानाशी आले.

"गुरुवारी येतो तो मामाकडे. साडेदहाला."